शोध कुणाचाही असो, कागद आपला हवा

भाचेबुवा, कंपनीनं पेटंटचं खातं तुझ्या गळ्यात घातलं हे ऐकून मला आनंद झाला. तुला फारसा झालेला दिसला नाही. "मावशी, मी कोड लिहिणारा माणूस, मला कायद्यातलं काय कळतं?" असं म्हणालास. कायद्यासाठी पेटंट एजंट आहेत, वकील आहेत. त्यांना पैसे द्यावेत आणि त्यांचं ऐकावं. मी सांगते आहे ते त्यांच्या बिलात बसत नाही. माझी नोकरी भोसरी-चाकणच्या कारखान्यांत याच कामात गेली. तुझी कंपनी हिंजवडीत गाड्यांचे चार्जर आणि त्यांचं सॉफ्टवेअर करते. माल वेगळा असला, तरी भानगडी त्याच असतात.

मूळ गोष्ट एकच. शोध लावणं हे इंजिनिअरचं काम. तो कधी नोंदवला आणि तो आपला कसा, हे परक्या माणसाला कागदावर दाखवता येणं हे तुझं काम. हळदीचंच बघ. जखमेवर हळद लावतात हे आपल्याकडे पोरासोरांनाही ठाऊक. तरी १९९५ साली अमेरिकेत त्यावर पेटंट दिलं गेलं. डॉ. रघुनाथ माशेलकर तेव्हा सीएसआयआरचे महासंचालक होते. त्यांनी आव्हान दिलं आणि १९९७ साली ते पेटंट रद्द झालं. कशाच्या जोरावर? जुने संस्कृत ग्रंथ आणि १९५३ साली भारतीय वैद्यकीय नियतकालिकात छापलेला लेख. "आमची आजी लावायची" हे तिथे चालत नाही, तारखेसह छापलेलं चालतं. आता एकेक ऐक.

आधी अर्ज, मग बढाई

पेटंट नव्या गोष्टीला मिळतं, आणि जगाला एकदा सांगितलेली गोष्ट कायद्याच्या लेखी जुनी होते. सांगणारे आपणच असलो तरी. मी जी पेटंटं हातची जाताना पाहिली, ती चोरांपेक्षा घरच्या उत्साही मंडळींनी जास्त घालवली. मार्केटिंगवाले प्रदर्शनात मॉडेल मांडतात, तरुण इंजिनिअर परिषदेत पेपर वाचतो, सेल्सवाला गिऱ्हाईक खूश व्हावं म्हणून झाकण उघडून आतली रचना दाखवतो. आणि लिंक्डइनवर फोटो टाकायला तर कुणाला विचारावंही लागत नाही.

आपल्या कायद्यात बारा महिन्यांची सवलत आहे, पण ती सरकारनं अधिसूचित केलेलं प्रदर्शन किंवा विद्वत्सभेपुढे वाचलेला निबंध अशा मोजक्या प्रसंगांपुरती. अमेरिकेत शोधकर्त्याला स्वतः बोलून बसल्यावर वर्षभर मुभा असते, युरोपात जवळपास नसतेच. म्हणून सगळ्यात कडक देशाचा नियम घरात लावायचा. प्रत्येक प्रदर्शन, परिषद आणि डेमोची यादी मार्केटिंगकडून दोन महिने आधी मागून घे. गिऱ्हाइकाला दाखवणं टळत नसेल, तर आधी एनडीएवर, म्हणजे गुप्ततेच्या करारावर, सही आणि मग झाकण.

घाई असेल तेव्हा प्रोव्हिजनल, म्हणजे तात्पुरता, अर्ज टाकावा. स्टार्टअप किंवा लहान उद्योगाला ऑनलाइन १,६०० रुपये लागतात, मोठ्या कंपनीला ८,०००. तारीख मिळते आणि कम्प्लीट स्पेसिफिकेशन, म्हणजे शोधाचा पूर्ण तपशील, द्यायला बारा महिने मिळतात. पण अर्ध्या पानाचं प्रोव्हिजनल टाकून निर्धास्त झोपू नकोस. जे त्यात लिहिलेलं नाही, त्याला ती तारीख मिळत नाही. आकृत्या, मोजमापं, "असंही करता येईल" म्हणून सुचलेले पर्याय, सगळं आत जाऊ दे. भाषा ओबडधोबड असली तरी चालेल.

सही दारातच घ्यावी

या खात्यात सगळ्यात जास्त वेळ कशाला द्यायचा असं विचारशील, तर सह्यांना. कंपनी पगार देते म्हणजे कर्मचाऱ्याचा शोध आपोआप कंपनीचा, अशी सरसकट तरतूद आपल्या पेटंट कायद्यात नाही. अर्ज करण्याचा हक्क खऱ्या आणि पहिल्या शोधकर्त्याचा, किंवा त्यानं तो ज्याला लेखी सोपवला त्याचा. तेव्हा नेमणूकपत्रात हक्क सोपवण्याचं कलम हवंच, आणि शिवाय प्रत्येक अर्जाच्या वेळी प्रत्येक शोधकर्त्याची वेगळी सही हवी. माणूस समोरच्या खुर्चीत बसलेला असताना ती दोन मिनिटांत मिळते. तो नोकरी सोडून टोरंटोला गेला, की त्याच सहीसाठी महिनोन् महिने ईमेल करावे लागतात.

आणि कलम कसं लिहिलंय तेही वाच. स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या एका संशोधकानं विद्यापीठाला "पुढे हक्क सोपवीन" असं लिहून दिलं होतं. नंतर तो एका कंपनीच्या प्रयोगशाळेत शिकायला गेला आणि तिथल्या कागदावर "याद्वारे सोपवत आहे" असं लिहिलेलं होतं. भांडण अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि २०११ साली विद्यापीठ हरलं. नोकरी विद्यापीठाची असूनही. तेव्हा आपल्या नेमणूकपत्रात वचन आहे की हस्तांतर, हे वकिलाकडून बघून घे. आणि आपला माणूस दुसऱ्याच्या प्रयोगशाळेत जाताना तिथे कशावर सही करतो, तेही.

सॉफ्टवेअरमध्ये आणखी एक खोच आहे. पगारी नोकरानं नोकरीचा भाग म्हणून लिहिलेल्या कोडचा कॉपीराइट, वेगळा करार नसेल तर, कंपनीचा. बाहेरच्या फ्रीलान्सरनं लिहिलेला कोड मात्र, तू पूर्ण बिल चुकतं केलंस तरी, त्याचाच राहतो. लेखी हस्तांतर झालं तरच तुझा. त्यातही कायदा एक गंमत करतो. हस्तांतरात मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते, आणि प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. म्हणजे इंटरनेटवरून दोन नमुने जोडून केलेल्या करारानं तू पाच वर्षांचा, भारतापुरता कोड घेऊन बसतोस आणि तोच माल जर्मनीला पाठवतोस. "संपूर्ण मुदतीसाठी, जगभरासाठी" हे शब्द करारात आहेत का ते स्वतः बघ.

तिसरा धोका पुण्याच्या खास सवयीचा. इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाची मुलं कंपनीत प्रोजेक्टला येतात. हुशार असतात, बरंच करून जातात, आणि मग तेच काम कॉलेजच्या ब्लॅकबुकात, पोस्टरवर आणि एखाद्या परिषदेत झळकतं. ती नोकर नाहीत, आणि कॉलेजचं स्वतःचं धोरण असतं. प्रोजेक्ट सुरू होण्याआधी विद्यार्थी, कॉलेज आणि कंपनी असा तिघांचा कागद करून घे. मुलांवर अन्याय होणार नाही असा कर. शोधकर्ता म्हणून त्यांचं नाव येऊ दे, हक्क कंपनीकडे येऊ देत.

शेवटचं, तुझ्या संस्थापकांनी कंपनी नोंदवण्याआधी जे लिहिलं किंवा बनवलं, ते अजून त्यांच्याच नावावर असण्याची शक्यता आहे. गुंतवणूकदाराचा वकील पहिल्याच बैठकीत हे विचारतो. त्याच्याआधी तू विचार.

साहेबांचं नाव यादीत नको

शोधकर्ता तोच, ज्याच्या डोक्यातून क्लेममधली, म्हणजे अर्जात जिच्यावर हक्क मागितलाय ती, कल्पना आली. विभागप्रमुखानं बजेट मंजूर केलं, कुणी चाचणीसाठी लोड बँक लावून दिली, हे योगदानच. पण तो शोध नव्हे. आदरापोटी साहेबांचं नाव घालायची आपल्याकडे फार सवय, आणि सोडून गेलेल्या मुलाचं नाव गाळायचीही. दोन्हींमुळे पुढे पेटंटलाच आव्हान देता येतं. क्लेमची यादी पुढे ठेव आणि प्रत्येक क्लेमसमोर नाव लिही. साहेबांना वाईट वाटलं तर माझ्याकडे पाठव.

उघडून दिसतं का, ते विचार

प्रत्येक गोष्टीचं पेटंट घ्यायचं नसतं. अर्ज साधारण अठरा महिन्यांनी प्रसिद्ध होतो, मग तुझी कृती जगाला वाचायला मिळते आणि त्या बदल्यात अर्जाच्या तारखेपासून वीस वर्षांचा हक्क मिळतो. माझा ठोकताळा असा: प्रतिस्पर्ध्यानं माल बाजारातून विकत आणला, खोलला आणि त्याला कळलं, तर पेटंट. खोलूनही कळत नसेल, उदाहरणार्थ बॅटरीच्या चाचणीतली तापमानाची क्रमवारी, तर गुपित.

पण गुपित म्हणून ठेवलं तर ते गुपितासारखं वागवावं लागतं. व्यापारी गुपितांसाठी आपल्याकडे स्वतंत्र कायदा नाही. कोर्टात जे काही चालतं ते करार आणि विश्वासभंग यांच्या आधारे. तेव्हा कोणाला कोणता फोल्डर दिसतो, कोणी काय सही केली, याची नोंद हवी. सगळ्यांना खुलं असलेलं ड्राइव्ह कोर्टापुढे गुपित म्हणून दाखवता येत नाही.

सॉफ्टवेअरबद्दल तुझे इंजिनिअर म्हणतील, "भारतात मिळतच नाही." अर्धं खरं आहे. नुसता संगणक प्रोग्रॅम, अल्गोरिदम, गणिती किंवा व्यवसायाची पद्धत यांना कायदा पेटंट नाकारतो. पण तुझ्या सॉफ्टवेअरमुळे चार्जरचं तापमान खरोखर खाली येत असेल, ग्रिडवरचा भार बदलत असेल, तर तो तांत्रिक परिणाम आकड्यांनिशी लिहायचा. बाकी हक्कही विसरू नकोस. चार्जरच्या बाह्य रूपाला डिझाइनची नोंदणी दहा आणि वाढवून पंधरा वर्षं पुरते. ट्रेडमार्क दर दहा वर्षांनी नूतनीकरण करत राहिलास तर संपतच नाही.

परदेशी जाण्याआधी सहा आठवडे

भारतात राहणाऱ्या शोधकर्त्याचा अर्ज थेट परदेशात टाकता येत नाही. आधी इथे अर्ज करून सहा आठवडे थांबायचं, नाहीतर पेटंट कार्यालयाची परवानगी घ्यायची. ती मागितली की साधारण तीन आठवड्यांत मिळते. हे मोडलं तर भारतातला अर्ज सोडून दिल्यासारखा धरला जातो आणि कायद्यात शिक्षेचीही तरतूद आहे. तुमचा एक शोधकर्ता खराडीत आणि दुसरा कॅलिफोर्नियात असेल, तर अमेरिकेचाही असाच नियम आडवा येतो. म्हणून डिस्क्लोजर फॉर्ममध्ये, म्हणजे इंजिनिअर आपला शोध तुला कळवतो त्या कागदात, प्रत्येकाच्या नावापुढे "काम करताना कुठे राहत होता" हा रकाना घाल.

पहिल्या तारखेपासून बारा महिन्यांत थेट परदेशी अर्ज किंवा पीसीटी, म्हणजे एकत्रित आंतरराष्ट्रीय अर्ज, मग तीस किंवा एकतीस महिन्यांपर्यंत देश निवडायचे. देश निवडताना नकाशावर आपली गिऱ्हाइकं शोधू नकोस, प्रतिस्पर्ध्याचे कारखाने शोध.

तारखा दोन माणसांकडे

एकाच माणसाच्या एक्सेलवर कंपनीची मालमत्ता ठेवायची नाही. तू एक यादी ठेव, एजंटकडे दुसरी असू दे आणि दर महिन्याला ताडून बघा. तपासणीची विनंती एकतीस महिन्यांत करायची. १५ मार्च २०२४ च्या आधीच्या अर्जांना अठ्ठेचाळीस होते, तेव्हा जुन्या-नव्याची सरमिसळ करू नकोस. परीक्षकाच्या पहिल्या अहवालाला सहा महिन्यांत उत्तर, मागितली तर तीन महिन्यांची वाढ. वार्षिक फी. पेटंट वापरात आहे की नाही याचं निवेदन आता तीन वर्षांतून एकदा. फी चुकून पेटंट गेलं तर अठरा महिन्यांत पुनर्स्थापनेचा अर्ज करता येतो, पण चूक हेतुपुरस्सर नव्हती हे पटवून द्यावं लागतं.

शोध मागायला जावं लागतं

फॉर्म वाटून कोणी भरत नाही. चांगल्या इंजिनिअरला स्वतःचं काम किरकोळच वाटतं. "त्यात काय विशेष, ते करायलाच लागणार होतं," हे वाक्य ऐकलंस की वही उघड. टेस्टिंग आणि सर्व्हिसच्या लोकांकडे आधी जा. तक्रार त्यांच्याकडे येते आणि जुगाड तेच करतात. विचार, "आधी काय करून पाहिलं आणि ते का चाललं नाही?" फसलेल्या प्रयत्नांची नोंद पुढे फार उपयोगी पडते. "हे तर कुणालाही सुचलं असतं" असं परीक्षक म्हणाला, की तीच नोंद उत्तराला येते. डिस्क्लोजर फॉर्म एका पानाचा ठेव. नागपूरला राजीव गांधी राष्ट्रीय बौद्धिक संपदा व्यवस्थापन संस्था आहे, तिथल्या प्रशिक्षणाची चौकशी कर आणि दोन इंजिनिअर पाठव. परत आले की तेच तुझे हेर.

आपलं पेटंट म्हणजे वाट मोकळी नव्हे

पेटंटनं दुसऱ्याला अडवता येतं, स्वतः माल विकायची परवानगी मिळत नाही. शेताचा सातबारा आपल्या नावावर असला, तरी वाट दुसऱ्याच्या बांधावरून जात असेल तर त्याला विचारावंच लागतं. म्हणून नव्या मालाचं डिझाइन पक्कं होण्याआधी दुसऱ्यांची चालू पेटंटं शोधून घे.

आकुर्डीच्या बजाजची आणि टीव्हीएसची लढाई आठव. लहान इंजिनात दोन स्पार्क प्लग, यावर बजाजचं पेटंट होतं. टीव्हीएसनं २००७ साली 'फ्लेम' आणली. फेब्रुवारी २००८ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांनी टीव्हीएसला रोखलं, मे २००९ मध्ये खंडपीठानं ती मनाई उठवली, आणि सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं: विका, पण हिशेब ठेवा, आणि दावा लवकर निकालात काढा. पेटंटवाल्यानं यातून शिकायचं की हातातला कागद म्हणजे निकाल नव्हे. दुसऱ्या बाजूनं शिकायचं की अंतिम निकाल काहीही लागो, बाजारात उतरायच्या ऐन वेळी मनाई आली तर हंगाम गेला.

तुमच्या चार्जरमध्ये ४जी मॉडेम आहे ना? मोबाइलच्या मानकांमागे दुसऱ्यांची पेटंटं असतात. मार्च २०२४ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयानं अशाच पेटंटांसाठी लावा कंपनीला एरिक्सनला सुमारे २४४ कोटी रुपये द्यायला सांगितलं. मॉड्यूल विकणाऱ्याशी करार करताना पेटंटचा दावा आला तर पैसे कोण भरणार, ते लिहून घे. परचेसवाले किमतीवर भांडतात, या कलमावर तू भांड.

फुकटच्या कोडलाही अटी असतात

ओपन सोर्स म्हणजे मोकाट नव्हे. जीपीएलसारख्या परवान्यात तो कोड घातलेला माल विकलास तर सोर्सही द्यावा लागतो. २००८ साली फ्री सॉफ्टवेअर फाउंडेशननं सिस्कोवर याच कारणासाठी दावा लावला आणि पुढच्या वर्षी सिस्कोनं तडजोड केली. कोणत्या मालात कोणता कोड, कोणत्या परवान्याखाली, ही यादी प्रत्येक रिलीजबरोबर निघाली पाहिजे.

जाणाऱ्याला चहा पाज

नोकरी सोडणाऱ्याला "प्रतिस्पर्ध्याकडे जाऊ नकोस" असं कलम दाखवून धमकावू नकोस. नोकरी संपल्यानंतरचं असं बंधन आपल्या करार कायद्याच्या कलम २७ नुसार टिकत नाही. माणूस अडवता येत नाही, कागद अडवता येतो. स्वयंचलित गाड्या बनवणाऱ्या वेमोनं २०१७ साली उबरवर दावा केला तो एका अभियंत्यानं जाताना चौदा हजारांवर फायली उतरवून घेतल्याच्या आरोपावरून. वर्षभरात उबरनं सुमारे २४.५ कोटी डॉलरचे शेअर देऊन मिटवलं. राजीनामा आला की त्याच्या लॅपटॉपचा लॉग जपून ठेव, प्रलंबित सह्या घे, काय गुप्त आहे ते शांतपणे सांग. आणि उलटंही कर: दुसरीकडून येणाऱ्या माणसाला पहिल्याच दिवशी सांग, जुन्या कंपनीचा एकही कागद इथे आणायचा नाही.

संख्येवर भाळू नकोस

संचालकांना तक्त्यात पेटंटांची संख्या आवडते. २०११ साली दिवाळखोर नॉर्टेलची सुमारे सहा हजार पेटंटं साडेचार अब्ज डॉलरला गेली, म्हणून सगळे हुरळले. पुढच्याच वर्षी कोडॅकच्या अकराशेच्या आसपास पेटंटांचा सौदा झाला तो सुमारे ५२.५ कोटी डॉलरमध्ये, अपेक्षेच्या कितीतरी खाली. किंमत बाजार ठरवतो, संख्या ठरवत नाही. शिवाय पेटंट टिकवायची वार्षिक फी वाढत जाते: मोठ्या कंपनीला तिसऱ्या वर्षी ४,००० रुपये भरावे लागतात, सोळाव्यापासून ४०,०००. दर वर्षी प्रत्येक पेटंटला विचार: हे सोडलं तर कोण खूश होईल? कुणीच नाही असं उत्तर आलं, तर सोडून दे.

आणि खोक्यावर "पेटंटेड" छापताना बघ, पेटंट खरंच मिळालंय का. नुसता अर्ज असताना तसं छापलं तर दहा लाखांपर्यंत दंड होऊ शकतो. रागाच्या भरात प्रतिस्पर्ध्याला नोटीसही पाठवू नकोस. बिनबुडाच्या धमकीविरुद्ध त्यालाच कोर्टात जाता येतं.

आता सोमवारपासून काय करायचं ते सांगते. पहिल्या आठवड्यात सह्यांची यादी: कोण शोधकर्ता, कोणाची सही आहे, कोणाची नाही. दुसऱ्यात तारखांची यादी. तिसऱ्यात फ्रीलान्सरांचे आणि कॉलेजांचे करार. नवे अर्ज चौथ्या आठवड्यात, त्याआधी नाही. आणि एजंटचं बिल वेळेवर चुकतं कर. मुदतीच्या शेवटच्या दिवशी रात्री अकराला तुझा फोन उचलणारा माणूस तोच आहे.